तुमचं विचारणं, आमचं सांगणं : घाटावरची चिल्लर

मागच्या अंकात अस्थिविसर्जनाच्या खर्चावर सहज दोन ओळी लिहिल्या होत्या, तर पत्रांचा एवढा ढीग आला की टेबल दिसेना. सगळे नदीकाठचेच प्रश्न. सहा निवडलेत, बाकीच्यांनी रागावू नका, जागा तेवढीच असते.

प्रश्न : ताई, नमस्कार. आम्ही नागपूरच्या महाल भागात राहतो. बाबा दिवाळीच्या आधी गेले, त्यांच्या अस्थी घेऊन आई, मी आणि भाऊ बनारसला गेलो होतो. नाववाल्यानं बाराशे सांगितले, मधात गेल्यावर पूजेचे पाचशे वेगळे म्हणाला. काठावर एक आठ-नऊ वर्षांची पोरगी दिव्यांचे द्रोण घेऊन मागंच लागली, दहाला एक, आईनं चार घेतले आणि वरून अंगावरची शाल पण तिला देऊन टाकली. भाऊ तेव्हापासून म्हणून राहिला की ही सगळी लूट आहे, गरिबी-बिरिबी काही नाही, धंदा आहे, आईला येडं बनवलं. आई काहीच बोलत नाही. मला दोघांचंही पटते. तुम्हीच सांगा, लूट आहे का गरिबी?
(एक वाचक, महाल)

उत्तर : दोन्ही आहे बाई, पण लूट करणारा एक आणि तुमच्यासमोर उभा राहून शिव्या खाणारा दुसरा, असं आहे ते. सासूबाईंच्या अस्थी घेऊन मी गेले होते, आपल्या नागपुरावरून संघमित्रा पकडली आणि मुगलसरायला उतरले (नाव 2018 मध्ये बदललं, ऑटोवाले अजून मुगलसरायच म्हणतात). नाववाल्याशी मीही घासाघीस केली, बाराशेचे नऊशे केले, आणि मोठ्या तोऱ्यात नावेत बसले. मधात गेल्यावर सहज विचारलं, भैया नाव तुझी का? तर म्हणे नाही माताजी, मालकाची. दिवसभर जे येईल त्यातलं अर्धं मालकाचं, उरलेल्यात हा आणि वल्हं मारणारा त्याचा भाचा. गिऱ्हाईक आणून देणाऱ्या पोट्ट्याला वेगळं द्यायचं. म्हणजे मी जे तीनशे वाचवले ना, ते मालकाच्या खिशातून गेलेच, पण त्या दोघांच्या ताटातून पण गेले. त्या दिवशी त्यांची ती दुसरी फेरी होती, आणि संध्याकाळ व्हायला आली होती.

आता वर्षाचं बघा. पावसाळ्यात गंगा चढली की प्रशासन नावा बंद करते, बनारसला धोक्याची पातळी 71.26 मीटर आहे आणि 1978 मध्ये पाणी 73.9 पर्यंत गेलं होतं, चढलेल्या वर्षी आरती पण घाटावरून उचलून गच्चीवर न्यावी लागते. त्या दिवसांत नाव काठाला बांधलेली आणि घरात उधारी सुरू. हा मल्लाह समाज, निषाद म्हणा, यांचे घाट पिढ्यानपिढ्या वाटलेले, या घाटावर अमक्याच्याच नावा, पण नाव स्वतःची असणारा आणि नाव चालवणारा यांच्यात फार अंतर आहे, जसं आपल्याकडे ऑटोचा मालक आणि किरायानं ऑटो चालवणारा. त्यात आता मोठ्या बोटी आल्या. जानेवारी 2023 मध्ये बनारसवरून दिब्रुगडला जाणारी गंगा विलास नावाची क्रूझ सुरू झाली, 51 दिवसांची सफर, आणि तिच्या बाजूलाच हे वल्हेवाले. क्रूझच्या विरोधात नाववाल्यांनी संप केलेले आहेत, उगाच नाही.

पाचशेचं काय ते पण सांगते. मधात नाव थांबवून पूजेचे वेगळे पैसे मागणं, ही फसवणूकच आहे, तुमच्या भावाचं इथं बरोबर आहे. माणूस अस्थीचं गाठोडं मांडीवर घेऊन बसलेला असतो, चारी बाजूंनी पाणी, नाही कसं म्हणणार? त्यातले बहुतेक पैसे घाटियाकडे, म्हणजे घाटावर पूजा सांगणाऱ्या भटजीकडे जातात, नाववाल्याला हिस्सा मिळते. म्हणून बसायच्या आधी काठावरच मोठ्यानं ठरवायचं, कुठून कुठवर, किती वेळ, पूजा धरून का सोडून. लाजायचं नाही. ठरलं की मग दहावीस रुपयांसाठी जीव काढायचा नाही.

आणि ती दिवेवाली पोरगी. आईनं सोडलेला दिवा पुढं कुठं गेला ते बघितलं का कोणी? मी गेले होते तेव्हा माझ्या दिव्याचं बघितलं, कारण मला दिवा विझेपर्यंत बघत बसायची हौस. पानाचा द्रोण, त्यात झेंडूच्या चार पाकळ्या, मधात मेणाचा छोटा तुकडा आणि वात. पंचवीसेक पावलं खाली, जिथं नावा दाटीनं बांधल्या होत्या, तिथं एक पोरगं गुडघाभर पाण्यात उभं होतं, हातात काठीला बांधलेली भाजीची प्लॅस्टिकची जाळी. द्रोण आला की जाळी खाली घालायची, उचलायचं, फुंकर मारायची, ओल्या पाकळ्या पाण्यात झटकायच्या, मेण एका डब्यात, चांगला द्रोण दुसऱ्या हाताला पायरीवर वाळत. इतकं सफाईनं की जशी आपल्या घरची बाई मेथी निवडते. वरच्या पोरीचा तो भाऊ. माझाच दिवा तासाभरानं आंध्रातून आलेल्या एका आजीबाईंनी सोडला असेल, काय सांगावं. तुमच्या भावाला हे कळलं तर तो म्हणेल, बघा, एकच दिवा चारदा विकते! हो, विकते. मेण विकत घ्यावं लागते ना. आणि त्या पोरानं नाही उचलले तर ते सगळे द्रोण पुढच्या घाटाला जाऊन सडतात, तेव्हा फुकटात नदी साफ करून राहिला तो, असंही म्हणता येईल.

भावाला अजून एक विचारा, मणिकर्णिकेच्या स्मशानघाटावर गेला होता का. तिथं चितेला आग डोमांकडूनच, म्हणजे पिढ्यानपिढ्या चितेचं काम करणाऱ्या समाजाकडूनच घ्यावी लागते, काडेपेटी चालत नाही. राजा हरिश्चंद्रानं डोमाच्या घरी चाकरी केली ही कथा आपण लहानपणापासून ऐकतो, आणि त्याच डोमाच्या हातचं पाणी कोणी पीत नव्हतं. आगीचा भाव ठरलेला नाही, घर पाहून मागतात, म्हणून तिथं सगळ्यात जास्त भांडणं. पण ते काम वाटलेलं असते, पाळीपाळीनं, त्याला पारी म्हणतात. मोठ्या घराच्या वाट्याला महिन्यात जास्त दिवस, आणि फाटक्या घराच्या वाट्याला वाटण्या होता होता इतके थोडे की बाकीचे दिवस दुसऱ्याच्या पारीत रोजीवर चिता रचायच्या. एका देहाला तीन-साडेतीन क्विंटल लाकूड, मे महिन्यात, बांबूनं ढोसत ढोसत. चिता थंड झाली की राख पाण्यात चाळून सोन्याचा मणी-फुली सापडते का ते बघणारे पण त्यांच्यातलेच. डोमराजा जगदीश चौधरी यांना 2021 मध्ये मरणोत्तर पद्मश्री मिळाली, चांगलं झालं, पण पारीत दिवस नसलेल्या माणसाला त्यातून काय मिळते ते तोच जाणे.

तुम्ही महालातल्या म्हणून एक गंमत. मणिकर्णिकेवरून पंचगंगेकडे चालत जाताना भोसले घाट लागते, तो आपल्या नागपूरकर भोसल्यांनी अठराव्या शतकाच्या शेवटी बांधला. म्हणजे तुमच्या गल्लीतल्या राजानं बांधलेल्या पायऱ्यांवर आज कोणी द्रोण वाळवत असेल. आईला शालीबद्दल काही बोलू नका. ती शाल त्या पोरीनं संध्याकाळी विकली असेल कदाचित, आणि विकलीच असेल तर बरंच केलं, बनारसला थंडी असते पण भूक रोज असते.

प्रश्न : मी बीएस्सीला आहे. आमच्या घरामागून नाग नदी जाते, नंदनवनकडे. गंगेला रोज आरती आणि आमच्या नदीला लोक नाला म्हणतात. ती पवित्र का नाही? आमच्या वस्तीतले लोक तर तिच्यातच जगतात.

उत्तर : बेटा, तू विचारलं तेच मी शाळेत असताना बाईंना विचारलं होतं आणि बाई म्हणाल्या खाली बस.

लाव्हाच्या टेकड्यांतून ती निघते, अंबाझरी तलावावरून गावात शिरते, तिच्यावरून या गावाचं नाव पडलं असं आपण सांगतो, आणि तिच्या पुलावरून जाताना नाकाला रुमाल लावतो. पवित्र नसायचं खरं कारण मला वाटते इतकंच की तिच्याकडे बाहेरगावचं कोणी येत नाही. जिथं बाहेरून माणूस येते तिथं घाट, पंडा, नाव, दिवा, फोटो. घरच्या नदीकडे कोण बघते, घरच्या बाईकडे जसं कोणी बघत नाही तसं. (माझ्या नवऱ्यानं हे वाचू नये.)

पण पाणी कुठं जाते ते नकाशावर बोट ठेवून बघ. नाग आणि पिवळी नदी एकत्र होतात, ते पाणी कन्हानमध्ये, कन्हान वैनगंगेत, वैनगंगा आणि वर्धा मिळून प्राणहिता, आणि प्राणहिता सिरोंच्याजवळ गोदावरीत, जिला आपण दक्षिण गंगा म्हणतो. एप्रिल 2022 मध्ये प्राणहितेचा पुष्कर मेळा झाला तेव्हा सिरोंच्याला लाखानं लोक बुडी मारायला आले. त्या पाण्यात आपल्या नागपुरातल्या मोऱ्यांचा पण थोडा हिस्सा होता, वाटेत कितीही निवळला असो. म्हणजे पवित्र नदी आणि आपला नाला यांच्यात भिंत नाही, फक्त अंतर आहे.

आणि 23 सप्टेंबर 2023 विसरू नको. पहाटे काही तासांत शंभर मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडला, अंबाझरी ओसंडला, नाग नदी घरात शिरली. टीव्हीवर अंबाझरी लेआउटमधल्या बुडालेल्या कारा दिसल्या. काठच्या झोपडपट्ट्यांतल्या भिजलेल्या गाद्या, रेशनचा गहू, पोरांची पुस्तकं त्यामानानं कमी दिसली. तुमच्या वस्तीत कोणाकडे त्या दिवसाचे फोटो असतील तर तारीख घालून जपून ठेवा, पंचनाम्याच्या वेळी कामी येतात. सुधार योजना दोन हजार कोटींच्या घरातली आहे म्हणतात, होईल तेव्हा होईल.

प्रश्न : ताई, आम्ही धिवर, कुही तालुक्यातले. अंभोऱ्याला आमच्या घरचा डोंगा होता, यात्रेला येणाऱ्यांना पलीकडे सोडायचो, बाकी दिवस मासोळी. आता मोठा पूल झाला, डोंग्यात कोणी बसत नाही. पाण्यात इकॉर्निया (जलपर्णी), मासोळी कमी, झिंगा तर दिसतच नाही. मोठा भाऊ दारू प्यायला लागला. काय करावं?

उत्तर : दादा, तुमचं पत्र दोनदा वाचलं. पूल वाईट आहे असं मी म्हणणार नाही, बाळंतिणीला रात्री पलीकडे न्यायला पूलच लागतो हे तुम्ही माझ्यापेक्षा जास्त जाणता. पण पाच नद्यांच्या त्या संगमावर, जिथं मुकुंदराजांनी विवेकसिंधु लिहिला असं आपण मानतो, तिथं चैतन्येश्वराला येणारा प्रत्येक माणूस तुमच्या डोंग्यातूनच यायचा, आणि पुलाच्या नकाशात डोंगेवाल्याची ओळ कुठंच नव्हती, हे खरं आहे.

झिंग्याचं असं आहे की या मोठ्या झिंग्याच्या पिल्लांना वाढायला खारं पाणी लागते, म्हणजे खाली गोदावरीच्या मुखापर्यंत ये-जा पाहिजे, आणि मधात धरणं आली की वाट बंद. गोसीखुर्द धरणाचं भूमिपूजन 22 एप्रिल 1988 ला झालं, पाणी साचायला लागल्यावर वाहती नदी तलाव झाली, वरून नागपूरचं सांडपाणी, आणि इकॉर्नियाला तर असंच पाणी आवडते. तेव्हा तुमची मासोळी तुमच्या नशिबानं गेली नाही, आम्ही नागपूरवाल्यांनी पण पाठवलेलं आहे काही तुमच्याकडे. लाज वाटते लिहायला, पण आहे.

करायचं काय? एक, तुम्ही आणि भाऊ दोघंही मच्छीमार सहकारी संस्थेचे सभासद आहात का बघा, सभासदत्व वडिलांच्याच नावानं पडून असते आणि वारसनोंद कोणी केलेली नसते. जलाशयातली मासेमारी संस्थेमार्फतच चालते, सभासद नसाल तर तुम्ही तुमच्याच नदीत चोर ठरता. दुसरं, प्रधानमंत्री मत्स्यसंपदा योजनेत मच्छीमारांचा अपघात विमा आहे, मृत्यू किंवा कायमचं पूर्ण अपंगत्व आलं तर 5 लाख, कायमचं अर्धवट अपंगत्व असेल तर अडीच लाख, दवाखान्यासाठी 25 हजारांपर्यंत, हप्ता सरकार भरते. संस्थेच्या सचिवाला विचारा, तो उडवाउडवी करत असेल तर जिल्ह्याच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात स्वतः जा, आधार आणि बँकेचं पासबुक घेऊन. किसान क्रेडिट कार्ड आता मच्छीमारांना पण मिळते, जाळ्यासाठी सावकाराकडे जायच्या आधी ते बघा. पुलावर फिरायला येणाऱ्या लोकांना नावेतून फिरवणं जमण्यासारखं आहे, पण लाइफ जॅकेट आणि परवानगीशिवाय एकालाही बसवू नका, एक अपघात झाला तर पोलीस पहिले डोंगेवाल्याला धरतात.

भावाचं दारूचं मी इथं चार ओळींत काय सांगू. डोंगा विकला नसेल तर विकू नका एवढंच म्हणते. डांबर लावून सावलीत ठेवा आणि ते काम त्याच्याकडूनच करून घ्या.

प्रश्न : गंगाजल वर्षानुवर्षं सडत नाही, हे विज्ञानानं पण सिद्ध झालं आहे ना? मग काठच्या गरिबांची लेकरं जुलाबानं आजारी का पडतात?

उत्तर : अर्धं खरं आहे. 1896 मध्ये हँकिन नावाच्या इंग्रज शास्त्रज्ञानं गंगा-यमुनेच्या पाण्यात कॉलऱ्याचे जंतू मरतात असं नोंदवलं, पुढं कळलं की जंतू खाणारे विषाणू असतात, फेज म्हणतात त्यांना. पण एक फेज एकाच जातीच्या जंतूला खाते, सगळ्यांना नाही. आणि वरून शहराचं मैलापाणी सतत येत असेल तर बिचाऱ्या फेजनं किती खावं? आंघोळीच्या पाण्यात शंभर मिलिलिटरमागे विष्ठेतल्या कोलिफॉर्म जंतूंची मर्यादा जास्तीत जास्त 2500 धरलेली आहे, पिण्यासाठी तर एकही नको. बनारसच्या संकटमोचन मंदिराचे महंत वीरभद्र मिश्र हायड्रॉलिक इंजिनियरिंगचे प्राध्यापक होते, सकाळी गंगेत बुडी मारायचे आणि तिच्याच पाण्याची तपासणी करायची लॅब चालवायचे. ते 2013 मध्ये गेले. देवघरातली तांब्याची लोटी असू द्या, लेकराला पाजायचं पाणी उकळून घ्या.

प्रश्न : वारलेल्या माणसाचे कपडे नदीत सोडावेत असं आमच्याकडे म्हणतात. कन्हानला सोडले तर चालेल का?

उत्तर : नका सोडू. कोणीतरी खाली ते ओढून काढतेच, चिखलाचे, ओले, बटणं तुटलेले. धुवा, इस्त्री करा आणि काठावरच्या माणसाच्या हातात द्या.

प्रश्न : मी पाचवीत आहे. आज्जी ट्रेनमधून नदीत पैसे टाकते. ते पैसे कोण घेते?

उत्तर : तुझ्याएवढीच पोरं घेतात रे. दोरीला चुंबक बांधायचं, जुन्या स्पीकरमधलं चालते, आणि पुलाखाली पाण्यात ओढत फिरायचं. एक आणि दोन रुपयांची नाणी लोखंड मिसळलेल्या स्टीलची असतात, ती टक्कन चिकटून वर येतात. पाचाचं आता पितळी असते आणि दहाचं दोन धातूंचं, ती चुंबकाला दाद देत नाहीत (2007 च्या आसपासचे काही पाचाचे सोडून), त्यासाठी खाली बुडी मारावी लागते, डोळे उघडे ठेवून, गढूळ पाण्यात, काच असो की खिळा असो. आज्जी म्हणत असेल की तांब्यानं पाणी शुद्ध होते, तिच्या लहानपणी तांब्याचा पैसा होता, तेव्हाची ती सवय आहे, आताच्या नाण्यात तसं काही नाही. तिला थांबवू नको, ऐकणार नाही. फक्त तिच्या बटव्यातून पाचाचे-दहाचे काढून घे आणि एक-दोनचे ठेवून दे, म्हणजे पोरांना बुडी मारावी लागणार नाही. काढलेल्या पाचाचं काय करायचं ते मी सांगत नाही, आईस्क्रीम खाल्लं तरी मला कळणार नाही.